उधाण पंचांगात असतं, आराखड्यात नसतं

तीन वर्षांपूर्वीच्या नारळी पौर्णिमेची रात्र. आभाळ स्वच्छ, पावसाचा थेंब नाही, चांदणं पडलेलं. रात्री बाराच्या आसपास माहेरून फोन आला, "बांधाला खांड गेली." पेणच्या खारेपाटात वाढलेल्या माणसाला हे तीन शब्द पुरतात. बांध फुटून खाडीचं पाणी शेतात शिरलं होतं. लावणी होऊन दीड महिना झालेलं भात आठ-दहा दिवसांत पिवळं पडून करपलं.

पंचनाम्याला एक गृहस्थ आले. माणूस वाईट नव्हता. उन्हात फिरला, सगळ्यांशी नीट बोलला. पण त्याच्या कागदावर पहिला प्रश्न होता, त्या दिवशी पाऊस किती झाला? चोवीस तासांत 65 मिलिमीटर झाला की अतिवृष्टी. आमच्याकडे शून्य. माझे चुलते, वय पंचाहत्तर, त्याला म्हणाले, "साहेब, पानी वरशी नाय आला, खाडीशी आला." त्याने मान हलवली, पण ते लिहायला त्याच्या कागदावर रकाना नव्हता.

गेल्या महिन्यात मी ग्रामपंचायतीकडून गावाचा आपत्ती व्यवस्थापन आराखडा मागून घेतला आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. त्यात सर्पदंश आहे, वीज पडणं आहे, भूकंप आहे, बदलून गेलेल्या कर्मचाऱ्यांचे फोन नंबर आहेत. भरतीची वेळ कुठेच नाही. उधाण, म्हणजे पौर्णिमा-अमावास्येची मोठी भरती, हा शब्द नाही. बाहेरकाठा हा शब्द नाही. ज्या गावाची सगळी शेती भरतीच्या पातळीच्या खाली आहे, त्या गावाच्या आराखड्यात समुद्रच नाही! तेव्हापासून हे लिहायचं मनात होतं.

ज्यांनी खारेपाट पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. पेण-अलिबागच्या मधल्या पट्ट्यात, धरमतरच्या खाडीकाठी, आमच्या पूर्वजांनी खाजणात, म्हणजे भरतीचं पाणी येणाऱ्या दलदलीत, मातीचे बांध घालून जमीन मिळवली. खाडीच्या बाजूचा मोठा बांध म्हणजे बाहेरकाठा. त्यात ठिकठिकाणी उघाड्या असतात. ओहोटी लागली की उघाडीची झडप बाहेरच्या बाजूला उघडते आणि शेतातलं पावसाचं पाणी खाडीत जातं. भरती आली की पाण्याच्या दाबानेच झडप मिटते आणि खारं पाणी बाहेर राहतं. मोटर नाही, वीज नाही. फक्त झडप धड हवी आणि बांध शाबूत हवा.

आता विचार करा, भरती आहे, झडप मिटलेली आहे, आणि त्याच वेळी वरून धो धो पाऊस पडतोय. पाण्याने जायचं कुठे? कोकणातल्या पुराचं कोडं बहुतेक वेळा इथेच असतं. 26 जुलै 2005 ला सांताक्रूझला चोवीस तासांत 944 मिलिमीटर पाऊस झाला, हे सगळ्यांना पाठ आहे. त्याच दुपारी 4.48 मीटरची भरती होती, हे फार थोड्यांच्या लक्षात आहे. 22 जुलै 2021 ला चिपळूण बुडालं, तेव्हा आषाढी एकादशी नुकतीच झाली होती आणि गुरुपौर्णिमा एक-दोन दिवसांवर होती, म्हणजे उधाण चढतं होतं. कोळकेवाडी धरणाच्या पाण्यावरून, नदीकाठच्या बांधकामाला मर्यादा घालणाऱ्या निळ्या आणि लाल पूररेषेवरून तिथे पुष्कळ वाद झाले. पण शहरातून वाहणाऱ्या वाशिष्ठी नदीचं पात्र गाळाने भरलेलं होतं, हे चिपळूणकर आधीपासून सांगत होते. शेवटी 2021 च्या डिसेंबरात ते साखळी उपोषणाला बसले, तेव्हा गाळ काढायचं काम हललं. शहर बुडाल्यावर लोकांना उपोषण करून गाळ काढून घ्यावा लागतो, याचा मला आजही संताप येतो.

माझ्या आजोबांना घड्याळ नीट वाचता यायचं नाही, पण भरतीची वेळ ते तिथीवरून सांगायचे. तिथीची पाऊणपट करायची. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा, म्हणजे सहाच्या सुमाराला पूर्ण भरती. पौर्णिमा-अमावास्येला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा. अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो, पण बांधावर कधी जायचं ते कळतं. अष्टमीला भांगाचं पाणी, म्हणजे कमी चढणारी भरती, त्याची चिंता नाही. पौर्णिमा-अमावास्येला आणि पुढचे दोन-तीन दिवस उधाण, तेव्हा डोळ्यांत तेल घालून बसायचं. हे गणित खाडीकाठच्या प्रत्येक म्हाताऱ्याला येतं. आराखडा लिहिणाऱ्याला येत नव्हतं, आणि त्याने कुणाला विचारलंही नाही.

मी लहान असताना उधाणाच्या रात्री बांधावर कंदील दिसायचे. घरटी एक माणूस जायचा. कुठे पाणी पाझरताना दिसलं की पेंढा आणि चिखल घालून तिथल्या तिथे बुजवायचं. खेकड्याचं बीळसुद्धा दुर्लक्ष करण्यासारखं नसतं, कारण बोटभर बिळातून सुरू झालेलं पाणी सकाळपर्यंत बैलगाडी जाईल एवढी खांड पाडतं. मग कंदील कमी होत गेले. पोरं कारखान्यांत लागली, मुंबईला गेली, माझ्यासारख्या पोरी लग्न करून ठाण्याला आल्या. दुसरीकडे बांध सरकारकडे गेले. 1948 चा खार जमिनींचा कायदा, नंतर 1979 चा महाराष्ट्र खारभूमी विकास कायदा. हेतू चांगलाच होता. गरीब शेतकऱ्याला एकट्याने बाहेरकाठा सांभाळणं झेपत नव्हतं, सरकारचा पैसा हवाच होता. पण पैशाबरोबर नजरही सरकारकडे गेली. आता खांड गेली की गाव अर्ज करतं. अर्जाचं अंदाजपत्रक होतं, अंदाजपत्रकाची मंजुरी होते, तोवर पुढचं उधाण येऊन गेलेलं असतं. उधाण पंधरा दिवसांनी येतं, फाईल पंधरा महिन्यांनी.

आणि या उशिराची किंमत फक्त एका पिकाची नसते. फुटलेल्या बांधाच्या आत खारं पाणी रोज येत-जात राहिलं की तिथे तिवरं, म्हणजे कांदळवनाची झाडं, उगवतात. मुंबई उच्च न्यायालयाने 2005 मध्ये कांदळवन तोडायला मनाई केली आणि 2018 च्या निकालाने ती आणखी पक्की केली. मी त्या मनाईच्या बाजूची आहे, स्पष्ट सांगते. बाहेरकाठ्याच्या पुढे तिवरांचा पट्टा असेल तर लाट बांधावर आपटण्याआधीच मोडते, हे आम्ही लहानपणापासून पाहिलंय. पण बांधाच्या आतली, सातबाऱ्यावर भातशेती असलेली जमीन नुसत्या दिरंगाईमुळे जंगल होते, आणि मग त्या शेतकऱ्याला तिथे कोयता लावता येत नाही. खांड पहिल्या पंधरवड्यात बांधली तर शेत वाचतं. पाच वर्षांनी बांधायला गेलं तर समोर रान उभं असतं. भांडण कांदळवन विरुद्ध शेतकरी असं रंगवलं जातं, तेव्हा मला वाईट वाटतं. दोघांचंही नुकसान उशिराने केलंय.

गोव्यातली खाजनं पाहिली तेव्हा एक गोष्ट मनात बसली. तिथेही बांध, तिथेही दार, त्याला मानस म्हणतात. मानशीवर मासे धरण्याचा हक्क लिलावाने दिला जायचा आणि गावकी बांधांकडे बघायची. म्हणजे दाराची मिळकत आणि दाराची जबाबदारी एकाच गावाच्या पदरात. तिथेही आता पुष्कळ बिघडलंय, मासळीच्या लोभाने खारं पाणी मुद्दाम आत ठेवल्याच्या तक्रारी आहेत. पण मूळ रचना शहाणपणाची होती. बांध राखणाऱ्याला बांधापासून काही मिळत होतं.

सरकारने काहीच केलं नाही असं मी म्हणणार नाही. निसर्ग चक्रीवादळ 3 जून 2020 ला आमच्या जिल्ह्यावर आलं, तेव्हा लोक वेळेवर हलवले गेले म्हणून जीव वाचले. राष्ट्रीय चक्रीवादळ धोके निवारण प्रकल्पातून अलिबागमध्ये वीजवाहिन्या जमिनीखाली गेल्या. ओडिशात 1999 च्या महाचक्रीवादळात सुमारे दहा हजार माणसं गेली. 2013 च्या फायलिनच्या वेळी दहा लाखांच्या आसपास लोक आधीच हलवले, आणि मृत्यू पन्नासच्या आत राहिले. निवारे बांधले, गावोगाव स्वयंसेवक तयार केले, दरवर्षी सराव घेतला, म्हणून हे झालं. पण वादळाला नाव असतं, टीव्हीवर त्याचं चित्र येतं. उधाणाला नाव नाही. ते महिन्यातून दोनदा येतं आणि बातमी होत नाही.

त्यात समुद्र चढतोय. 1901 ते 2018 या काळात जगभरात समुद्राची सरासरी पातळी सुमारे 20 सेंटीमीटर वाढली. म्हणजे एक वीत. शहरात बसून एक वीत काहीच वाटत नाही. आमच्याकडे बांधाचा माथा उधाणाच्या पाण्याहून हातभर उंच ठेवायची रीत होती. हातातली एक वीत गेली तर उरलं किती?

माझं मागणं मोठं नाही. प्रत्येक खारबांधाला एक पगारी राखणदार हवा, त्याच गावचा, बांध पायाखालचा असलेला. छोटी खांड बुजवण्यापुरता पैसा गावाच्या खात्यात आधीच पडलेला हवा, अंदाजपत्रक नंतर होऊ दे. पंचायतीच्या फळ्यावर महिन्याच्या भरत्या लिहिलेल्या हव्यात. पंचनाम्याच्या कागदावर उधाणाचा रकाना हवा. आणि आराखडा लिहायला बसाल तेव्हा दोन म्हातारे आणि खाडीत जाळं टाकणारी दोन माणसं शेजारी बसवा. बायकांनाही बोलवा. पाणी घरात शिरण्याआधी विहिरीचं पाणी मचूळ झालेलं त्यांच्याच लक्षात येतं.

गेल्या रविवारी आम्ही सातजण आमचा बाहेरकाठा या टोकापासून त्या टोकापर्यंत चाललो. चुलते काठी टेकत पुढे, मागे कॉलेजातली दोन पोरं मोबाईलमध्ये जागा नोंदवत. एका ठिकाणी चुलते थांबले आणि म्हणाले, "ही माज्या लग्नाच्या वर्षाची खांड." तिथे बांध खरोखरच दबलेला होता, दोन्ही बाजूंपेक्षा वीतभर खाली. दोन उघाड्यांच्या झडपा धड आहेत, तिसरीची फळी कुजलीय. फळीचं माप घेतलंय, लाकूड पेणहून आणायचं ठरलंय. दबलेल्या जागी पोरांनी बांबूची खुंटी ठोकून तिच्यावर लाल खुणा केल्यात. येत्या अमावास्येला रात्री अकराला आम्ही तिथे असू, पाणी कुठल्या खुणेपर्यंत येतं ते बघायला.