पारोळ्यातून मंत्रालय दिसतं का? एका प्रतिक्रियेला उत्तर

बातमीदार आणि कादंबरीकार अरुण साधू यांच्यावरच्या माझ्या लेखावर 'एक वाचक' या नावाने पुण्याहून प्रतिक्रिया आली आहे. म्हणणं असं: साधू आधी कादंबरीकार झाले, मग संपादक, मी क्रम उलटा लावला. त्यांच्या कादंबऱ्या म्हणजे लांबवलेल्या बातम्या, माणसं आतून दिसतच नाहीत. आणि शेवटी, मी जळगाव जिल्ह्यातल्या पारोळ्याचा म्हणून, हे वाक्य: "पारोळ्यात बसून मंत्रालय कळत नसतं, ऐकीव माहितीवर लिहू नये."

क्रमाचं मान्य. 'सिंहासन' ही कादंबरी १९७७ची, 'मुंबई दिनांक' त्याआधीची. 'फ्री प्रेस जर्नल'चं संपादकपद नंतरचं. शीर्षकातलं 'संपादक' काढून 'बातमीदार' केलं आहे, आभारी आहे. पण एवढं सांगायला 'ऐकीव' कशाला लागलं?

महाशय, तो शब्द मला लागला आहे. १९८० नंतरची काही वर्षं मी जळगावच्या एका दैनिकाचा तालुका वार्ताहर होतो. संध्याकाळच्या एस.टी.च्या कंडक्टरकडे पाकीट द्यायचं, बातमी लागली तर लागली. एका उन्हाळ्यात टँकरच्या खेपा कागदावर पाच आणि गावात तीन, असं चाललं होतं. उरलेल्या दोन कुणाच्या विहिरीत रिकाम्या होतात, ते ड्रायव्हरनेच मला चहाच्या टपरीवर सांगितलं. उठताना म्हणाला, "भाऊ, मन्हं नाव छापू नको." मी दोन रात्री मागावर राहिलो, विहीर डोळ्यांनी पाहिली, बातमी पाठवली. तिसऱ्या दिवशी सहा ओळी आल्या: टंचाई आढावा बैठक संपन्न. उपस्थितांच्या यादीत विहिरीच्या मालकाचं नाव होतं.

त्यानंतर मी 'सिंहासन' हा जब्बार पटेलांचा १९७९चा चित्रपट पाहिला. या दोन्ही कादंबऱ्यांवरचा. मुख्यमंत्री, त्यांना खाली खेचायला निघालेले अर्थमंत्री दाभाडे, कामगारपुढारी डिकास्टा. आणि या सगळ्यांत वावरणारा, सगळं ठाऊक असलेला पत्रकार दिगू टिपणीस, म्हणजे निळू फुले. निळूभाऊंचा तो चेहरा बघताना तुम्हाला मंत्रालय दिसलं असेल. मला आमची पंचायत समिती दिसली. माणसं लहान, रकमा लहान, दाराआडची कुजबुज तीच. दुसऱ्याच आठवड्यात दोन्ही पुस्तकं वाचनालयातून आणली. बातमीदाराच्या वहीत जे पडून राहतं, ज्याला पुरावा नाही, ज्याला नाव देता येत नाही, ते साधूंनी कादंबरीत नेलं. माझ्या त्या ड्रायव्हरला सहा ओळींत जागा नव्हती. कादंबरीत ती असते. माझा अख्खा लेख एवढंच सांगत होता, आणि तुम्ही त्यातला एक शब्द उचलून माझ्या गावावर घसरलात.

गावाचं काढलंतच म्हणून सांगतो. साधू परतवाड्यात जन्मले, मुंबईत नव्हे. मुंबई त्यांनी बातमीदारी करत पायाखाली घातली. आणि हरी नारायण आपटे १८६४ साली जन्मले ते आमच्या पारोळ्यात. पुढे ते पुण्याचे झाले, हे खरंच आहे. 'करमणूक' चालवत असताना 'पण लक्षात कोण घेतो!' त्यांनी त्यातच क्रमशः छापली. साप्ताहिकाचा संपादक आणि कादंबरीकार एकाच टेबलावर बसतो, ते या मातीतल्या माणसाला नवं नाही.

'लांबवलेल्या बातम्या' यावर मी काही लिहीत नाही. साधूंची 'झिपऱ्या' ही कादंबरी वाचा. वाचली असेल तर पुन्हा वाचा, लोकलमध्ये बूटपॉलिश करणारी ती पोरं आतून दिसत नसतील तर मी समजावून सांगू शकणार नाही.

माझं नाव आणि गाव प्रत्येक लेखाखाली असतं. तुमची पुढची प्रतिक्रियाही नावानिशी यावी, नाहीतर मी ती प्रसिद्ध करणार नाही. त्या ड्रायव्हरला नाव लपवायला कारण होतं. तुम्हाला कसलं आहे?