‘जग नागडं होतं तेव्हा…’ : आत्याच्या फॉरवर्डला उत्तर

‘जग नागडं होतं तेव्हा आपण वस्त्र विणत होतो.’ घरच्या ग्रुपवर आत्यानं हा मजकूर टाकला. खाली झेंडे, जोडलेले हात आणि ‘निदान दहा जणांना पाठवा’. माझ्याकडे तो चौथ्यांदा आला. तीन वेळा मी गप्प बसले. पण या वेळी सहावीतल्या भाचीनं तो इतिहासाच्या प्रकल्पात जसाच्या तसा उतरवला, वर लाल स्केचपेननं चौकटही आखली. आता गप्प बसायचं म्हणजे कमाल झाली.

मजकुराचं म्हणणं थोडक्यात असं. आदिमानव बिनडोक होता, कातडं गुंडाळून फिरायचा. मग सिंधूकाठी एकदम माग आला. कापूस फक्त आपला, जगात जिथे सापडला तिथे इथूनच गेला. मोहेंजोदडोचं कापड दहा हजार वर्षांचं आहे आणि इंग्रजांनी ते दडवलं. शिवाय चरखाही तेवढाच जुना.

मला सगळ्यात जास्त राग आला तो त्या ‘बिनडोक’ शब्दाचा. घरात सुतळी असेल तर एक तुकडा घ्या आणि उलट दिशेनं उकला. पदर सुटे होतील. आता एकेका पदराचा पीळ बघा, तो बरोबर विरुद्ध दिशेचा असतो. दोन्ही पीळ एकमेकांना धरून ठेवतात म्हणून सुतळी आपोआप उसवत नाही. आमचे आजोबा अंबाडीचा वाख मांडीवर वळून दावी करायचे, तेव्हा हाच हिशेब हाताला पाठ असायचा.

फ्रान्सच्या आग्नेय भागात आब्री द्यू मारा नावाचा एक खडकाचा आडोसा आहे. तिथे दगडाच्या एका छिलक्याच्या खालच्या अंगाला चिकटलेला दोरीचा तुकडा सापडला. लांबी जेमतेम 6 मिलिमीटर. बहुधा सूचिपर्णी झाडाच्या आतल्या सालीचा. तीन पेड, प्रत्येक पेड एका दिशेनं वळलेला आणि तिन्ही मिळून उलट दिशेनं. वय 41 ते 52 हजार वर्षं. आणि वळणारा आपल्या जातीचा माणूससुद्धा नव्हता, तो निअँडरथल होता, म्हणजे आता नामशेष झालेल्या दुसऱ्याच मानवजातीतला. हे संशोधन 2020 साली छापून आलं आहे. ज्याला आपण बिनडोक म्हणतो त्याला साल कोणत्या झाडाची चालते, ती कशी सोलायची, पीळ कुठल्या बाजूला द्यायचा, सगळं ठाऊक होतं. मजकूर लिहिणाऱ्याला मांडीवर एक वीत दोरी वळून दाखव म्हणावं.

‘दोरी म्हणजे कापड नव्हे’ असं कोणी म्हणेल. बरोबर, नव्हे. पण चेक प्रजासत्ताकातल्या दोल्नी व्हेस्टोनित्से आणि पाव्हलोव्ह इथे भाजलेल्या मातीच्या तुकड्यांवर विणीचे ठसे मिळालेत, साधारण 27 हजार वर्षांपूर्वीचे. धागा कधीच कुजून गेला, वीण तेवढी मातीत उमटून राहिली. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, तसं. त्यात जाळ्याच्या गाठी आहेत, आणि बुरूड टोपलीच्या काठाला आडव्या काड्या एकमेकींना पीळ देत नेतो तशी गुंफणही आहे. सिंधू संस्कृतीला तेव्हा वीसेक हजार वर्षं अवकाश होता.

कापसाचं ऐका. विदर्भातल्या कुठल्याही जुन्या शेतकऱ्याला देशी कापूस आणि अमेरिकन कापूस वेगळा हे माहीत असतं. देशी कापसाच्या पेशीत 26 गुणसूत्रं, अमेरिकेतल्या लागवडीच्या दोन्ही जातींत 52. पेरूच्या किनाऱ्यावर वाका प्रिएता इथे सुमारे 6000 वर्षांपूर्वीचं सुती कापड मिळालं, तेही नीळ दिलेलं. तो कापूस तिथलाच. अमेरिकन कापसाची निम्मी गुणसूत्रं आशिया-आफ्रिकेतल्या कापसाशी नातं सांगतात हे खरं आहे. पण तो संकर दहा लाख वर्षांहून जुना, तेव्हा बी गाठोड्यात बांधून न्यायला आपल्यातला कोणीच जन्मलेला नव्हता. आत्या, तू हे पाठवताना जो सुती गाऊन घातला होतास ना, तो बहुतेक अमेरिकन जातीच्याच कापसाचा. आज आपल्या शेतात जवळजवळ सगळीकडे तोच आहे.

आता ते ‘इंग्रजांनी दडवलं’. मोहेंजोदडोला चांदीच्या भांड्याला चिकटलेले कापडाचे तुकडे मिळाले. ते तपासले कुठे? मुंबईत, माटुंग्याच्या कापूस प्रयोगशाळेत. तपासणारे टर्नर आणि गुलाटी. तो कापूस असल्याचा अहवाल 1920च्या दशकाच्या अखेरीस छापला गेला. मोहेंजोदडोवरचे जॉन मार्शल यांचे जाडजूड ग्रंथ 1931 साली थेट लंडनमध्ये निघाले, त्यांतही हे कापड आहे. दडवायची ही कुठली रीत? आणि वय साडेचार हजार वर्षांच्या आसपास, दहा हजार नव्हे.

चरख्यावर फार लिहीत नाही. सिंधूकाठी सापडतात त्या चातीच्या चकत्या. म्हणजे सूत टकळीसारख्या साधनावर कातलं जात होतं. चाकाच्या चरख्याचा आपल्याकडचा स्पष्ट उल्लेख इतिहासकार इरफान हबीब यांनी दाखवला तो इसामी या कवीच्या 1350च्या फारसी काव्यातला.

एक गोष्ट मात्र कबूल करते, नाइलाजानं. कापसाच्या बाबतीत आपला हा भूभाग खरोखरच फार पुढे होता. बलुचिस्तानात मेहरगढला एका थडग्यातल्या तांब्याच्या मण्याच्या भोकात कापसाचे धागे मिळाले, सुमारे 8000 वर्षांपूर्वीचे. कापसाचा इतका जुना धागा अजून दुसरीकडे मिळालेला नाही. तांब्याच्या क्षारांनी जंतू मारले म्हणून तो टिकला. आपल्या पावसापाण्यात उघडं कापड कुठून टिकणार? म्हणून इजिप्तच्या कोरड्या वाळूत तार्खानचा जवसाच्या धाग्याचा शिवलेला अंगरखा पाच हजार वर्षं राहतो आणि आपल्याकडे मण्याच्या भोकातला दोरा तेवढा उरतो.

तसाच एक दोरा अहिल्यानगर जिल्ह्यात नेवाशाला मिळाला. पुरातत्त्वज्ञ सांकलिया आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1954 ते 56 मध्ये तिथे उत्खनन केलं. एका लहान मुलाच्या सांगाड्याच्या गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ होती, तीन-साडेतीन हजार वर्षांपूर्वीची. आतला दोरा पुन्हा गुलाटींनीच पाहिला, तर त्यात रेशीम आणि कापूस. पुणे जिल्ह्यात चांडोलीच्या मण्यांत जवसाचा धागा निघाला. इतकं सगळं घराजवळ असताना त्या मजकुरात यातलं एक अक्षर नाही. दहा हजार वर्षं मात्र आहेत.

भाचीला हे सांगितलं तर ती म्हणाली, ‘मावशी, पण ते पान पेनानं लिहून झालंय.’ मग दोघींनी त्यावर कोरा कागद चिकटवला. आता तिथे नेवाशाच्या माळेचं चित्र आहे आणि शेजारी टाचणीनं लावलेली, अर्धी उकललेली सुतळी. पीळ कुठल्या बाजूचा हे दाखवायला तिनं बाण काढलेत, त्यातला एक उलटा आहे. तो ती उद्या सुधारणार आहे.