जंगली म्युझिक म्हणे

आज सकाळी इथल्या मराठी ग्रुपवर कुणीतरी नॉर्दर्न लाइट्सचं रील टाकलं. हिरवं आकाश, मागे मारी बोइनेचा (उत्तरेकडच्या मूळ रहिवासी सामी लोकांमधली गायिका) आवाज आणि खाली ओळ: "कसलं भारी जंगली म्युझिक, झोपताना लावा." त्यावर अंगठ्यांची रांग. तेव्हापासून डोकं फिरलंय माझं.

जंगली?

मी नॉर्वेच्या उत्तरेला, ट्रॉम्सोत एका स्वयंपाकघरात काम करते. सोबत एक सामी बाई आहेत, साठी ओलांडलेल्या. बटाटे सोलताना गुणगुणतात. शब्द जवळजवळ नाहीतच, एकच वळण फिरून फिरून येतं. एकदा विचारलं, कुणावर आहे हे गाणं? म्हणाल्या, "कुणावर नाही गं. हा माझा भाऊच आहे." योइक, म्हणजे सामींचं पारंपरिक गाणं, असाच असतो. माणसाबद्दल गात नाहीत, माणसालाच गातात. आणि ज्याला गायला त्याच्याच मालकीचा, रचणाऱ्याचा नाही. एवढं सांगतायत तोवर सुपरवायझर आत आला आणि बाई गप्प. सोलणं हातात तसंच लोंबकळत राहिलं. तो काही बोललाही नव्हता.

हे गप्प होणं शिकवलंय त्यांना! मिशनऱ्यांनी सामी भगतांचे ढोल जाळले, योइक सैतानाचा ठरवला. शाळा-वसतिगृहांत पोरांच्या तोंडून त्यांची भाषा काढून घेतली. मारी बोइने १९५६ सालची, कारासयोककडची. घर लेस्टाडियन या कडक ख्रिस्ती पंथाचं, तिथे योइक म्हणजे पाप. त्या घरातली ही मुलगी १९८९ मध्ये 'गुला गुला' हा अल्बम काढते. गुला म्हणजे ऐक. आपल्या पूर्वज बायकांचे आवाज ऐक, म्हणते ती, आणि आपण झोपताना लावतो. १९९४ च्या लिलेहामर ऑलिंपिकच्या उद्घाटनाला गायला बोलावलं, तर सरळ नाही म्हणाली. शोभेपुरती सामी व्हायचं नव्हतं तिला. आपल्यातल्या किती जणांना जमलं असतं ते?

तिच्या गाण्यात जॅझ आहे, रॉक आहे, निव्वळ योइक नाही. बरं, नाही. नॉर्वेच्या राजाने १९९७ मध्ये सामींची माफी मागितली, २०२४ मध्ये संसदेनेही मागितली. तेही खरं. पण सुपरवायझर आला की बाई अजून गप्प होतात, त्याचं काय?

फार तोडून लिहिलं का? रील टाकणारा पोरगा वाईट नाही. नवा आहे, पहिलाच हिवाळा. गाणं आवडलं म्हणूनच लावलं ना त्याने. पहिल्या वर्षी मला तरी कुठे काय कळत होतं.

गेल्या डिसेंबरात आम्ही दोघीच होतो. दुपारी तीनलाच बाहेर मिट्ट काळोख. बाई पुन्हा भावाला गात होत्या. दार उघडलं. त्यांनी दाराकडे पाहिलं, हात थांबला, आवाज बारीक झाला. पण या वेळी वळण पुरं केलं. मग पुढचा बटाटा घेतला. भाऊ जाऊन बारा वर्षं झालीत, हे मला त्या दिवशी कळलं.

रील ठेव रे बाबा. तेवढं 'जंगली' काढ आणि खाली नाव लिही. मारी बोइने.