दाताच्या पलीकडची तुलना

नारव्हाल आणि बेलुगा या उत्तर ध्रुवाकडच्या दोन देवमाशांवरचा तुमचा लेख आवडला, पण त्यांची तुलना जवळजवळ सगळी नारव्हालच्या लांब दातावरच थांबली, याची रुखरुख वाटली. तो दात म्हणजे बहुधा नरात वरचा ओठ भेदून वाढणारा डावा सुळा, अडीच-तीन मीटरपर्यंतचा. नारव्हालच्या तोंडात मात्र चावण्याजोगा एकही दात नसतो. बेलुगाला छोट्या खुंट्यांसारखे ३०-४० दात असतात. शिवाय त्याच्या मानेचे मणके सुटे असल्याने तो मान वळवू शकतो. बहुतेक देवमाशांना हे जमत नाही.

दोघे एकाच कुळातले. पाठीवर माशांसारखा पर नाही, त्यामुळे बर्फाखाली वावरणे सोपे जाते. पण हिवाळ्यात नारव्हाल कॅनडा आणि ग्रीनलंड यांच्यामधल्या बॅफिनच्या उपसागरातल्या दाट बर्फाखाली हजार मीटरहून खोल बुडी मारून हॅलिबट हे चपटे मासे पकडतो, तर बेलुगा उन्हाळ्यात नद्यांच्या मुखांपाशी उथळ पाण्यात जमतो, तिथे कातही टाकतो.

दोघांच्या जवळिकीचा सगळ्यात विलक्षण पुरावा लेखात यायलाच हवा होता. १९८०च्या दशकात ग्रीनलंडच्या डिस्को उपसागरात एका शिकाऱ्याला मिळालेली कवटी २०१९मध्ये डीएनए तपासणीत संकरित ठरली: आई नारव्हाल, बाप बेलुगा. तोंडात १८ दात, काही पिळदार, पुढे झुकलेले! हाडांतल्या कार्बनच्या समस्थानिकांवरून (एकाच मूलद्रव्याच्या वेगवेगळ्या वजनाच्या अणूंवरून) तो प्राणी आईबापांपेक्षा वेगळे, समुद्रतळावरचे अन्न खात असावा असे दिसते. इतक्या विचित्र दातांनिशी तो पूर्ण वाढला, हे मला फार थोर वाटते. यावर स्वतंत्र लेख जरूर लिहा.