जूडी मास्टर्स कोण होता ते आधी वाचा

गेले काही दिवस एक मेसेज फिरतोय. परवा तो माझ्या भाचीपर्यंत पोचला. ती तेरा वर्षांची आहे, शाळेच्या फुटबॉल संघात फॉरवर्ड खेळते. वाचून तिने मला विचारलं, "मामा, मग नेव्हिल डिसोझाचे तीन गोल फुकटचेच ना?" हा प्रश्न ऐकून मी अस्वस्थ झालो, म्हणून लिहायला बसलो.

मेसेजमध्ये म्हटलंय ते असं. 1956 च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये भारताने ऑस्ट्रेलियाला फुटबॉलमध्ये 4-2 हरवलं, त्यात तीन गोल नेव्हिल डिसोझाचे, पण तेव्हा ऑस्ट्रेलियाला फुटबॉल माहीतच नव्हता. ऑलिंपिकपुरता रग्बीतली पोरं गोळा करून संघ उभा केला होता. हा खेळ तिथे नेला महायुद्धानंतर आलेल्या इटालियन-ग्रीक लोकांनी. इंग्लंडमध्ये खेळलेला पहिला ऑस्ट्रेलियन म्हणजे 1950 चा जो मार्स्टन. आणि भारताशी त्यांची पहिली गाठ 1956 लाच पडली.

"माहीतच नव्हता" या दोन शब्दांचा मला सगळ्यात जास्त राग आहे. सिडनीच्या दक्षिणेला, वुलनगाँगजवळ बालगाउनी नावाचं गाव आहे. डोंगराच्या पायथ्याचा हा सगळा इलावारा पट्टा कोळशाच्या खाणींचा. याच पट्ट्यात माउंट केंब्लाच्या खाणीत 1902 मध्ये स्फोट होऊन 96 माणसं गेली. अशा जागी खाणकामगारांनी फुटबॉल धरून ठेवला. बालगाउनी रेंजर्स हा क्लब 1883 चा आहे आणि आजही खेळतो. 1892 मध्ये त्या गावात जेम्स मास्टर्स जन्मला. सगळे त्याला जूडी म्हणत. तो खाणीत काम करायचा, सेंटर-फॉरवर्ड खेळायचा, पहिल्या महायुद्धात सैन्यात जाऊन आला आणि 1920 च्या दशकात देशाचा कर्णधार झाला. ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय चरित्रकोशात त्याच्यावर स्वतंत्र नोंद आहे, कुणीही उघडून वाचावी. खेळ माहीतच नसलेल्या देशाच्या चरित्रकोशात फुटबॉलच्या कर्णधाराची नोंद कुठून आली?

आता देशाच्या संघाचं. ऑस्ट्रेलियाचा पहिला आंतरराष्ट्रीय सामना 17 जून 1922 ला न्यूझीलंडमध्ये, डनीडिनच्या कॅरिसब्रुक मैदानावर झाला. ते 3-1 ने हरले. कर्णधार होता क्वीन्सलँडचा ॲलेक्स गिब, आणि देशासाठी पहिला गोल केला विल्यम माँडरने. 1924 मध्ये कॅनडाचा संघ तिकडे खेळायला गेला, 1925 मध्ये इंग्लंडच्या असोसिएशनने आपला संघ पाठवला. एवढा लांबचा बोटीचा प्रवास करून ही मंडळी काय रग्बी बघायला गेली होती?

जो मार्स्टनबद्दल फार लिहीत नाही. मोठा खेळाडू, इंग्लंडच्या प्रेस्टन क्लबकडून 1954 ची एफए कपची फायनल खेळला. पण त्याच्या कितीतरी आधी, पहिल्या महायुद्धापूर्वी, जॉन कफ हा ऑस्ट्रेलियात जन्मलेला खेळाडू इंग्लंडच्या सेकंड डिव्हिजनमध्ये ग्लॉसॉप क्लबकडून अडीचशेहून जास्त सामने खेळला होता. तोच माणूस वूस्टरशरकडून काउंटी क्रिकेटही खेळायचा. पहिलेपणाचा मान मार्स्टनचा नाही.

स्थलांतरितांची गोष्ट अर्धी खरी आहे, तेवढी कबूल करावी लागते. इटालियन, ग्रीक, क्रोएशियन, हंगेरियन लोकांनी 1950 नंतर तिथल्या फुटबॉलचं रूप पार बदलून टाकलं, आज दिसणाऱ्या खेळात त्यांचा मोठा वाटा आहे. पण त्यांनी तो बदलला, आणला नाही. आणला होता त्यांच्या सत्तर वर्षं आधी ब्रिटनमधून आलेल्यांनी. मास्टर्ससारखी पोरं तर तिथेच जन्मली, तिथेच शिकली.

आणि भारताशी पहिली गाठ 1956 ची? हे वाचून तर वाईट वाटलं, कारण इथे आपण आपलीच माणसं विसरलो. 1938 मध्ये करुणा भट्टाचार्यांच्या नेतृत्वाखाली भारताचा संघ ऑस्ट्रेलियात जाऊन त्यांच्या राष्ट्रीय संघाशी पाच सामने खेळला. बरेचजण अनवाणी खेळले. न्यूकॅसलमध्ये, म्हणजे दुसऱ्या मोठ्या कोळसापट्ट्यात, आपण 4-1 ने जिंकलो. सिडनीत आपल्या लम्सडेनने तीन गोल केले, तरी 5-4 ने हरलो. एक सामना बरोबरीत सुटला, बाकीचे दोन त्यांनी जिंकले.

राहिली 1956 ची रग्बीची पोरं. त्या संघाने आपल्याशी खेळण्याआधी जपानला 2-0 ने हरवलं होतं. म्हणजे 1 डिसेंबरला नेव्हिल डिसोझासमोर जो संघ उभा होता, त्याच्यामागे 34 वर्षांचं आंतरराष्ट्रीय फुटबॉल होतं, आणि मैदान त्यांच्या घरचं होतं. गोव्यातल्या आसगावचा, मुंबईत टाटाकडून खेळणारा हा मुलगा. त्याने त्या दिवशी तीन गोल मारले. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅटट्रिक करणारा तो पहिला आशियाई. चौथा गोल कृष्णस्वामीचा. भाचीला मी एवढंच सांगितलं की ते तीन गोल कुणी फुकट दिले नव्हते, मारले होते.

तो मेसेज तुमच्याकडे आला असेल तर ज्याने पाठवला त्याला हे पाठवा.