सेलमला वेड लागलं नव्हतं

ऑक्टोबर सुरू झाला की बॉस्टनकडच्या मित्रमंडळींचे सेलमचे फोटो यायला लागतात. टोकदार काळ्या टोप्या, झाडू, भोपळे, मागे तुडुंब गर्दी. तिथल्या पोलिसांच्या बिल्ल्यावरसुद्धा झाडूवर बसलेली चेटकीण आहे. फोटोखाली कुणीतरी हमखास विचारतं, "इथेच ना चेटकिणी ठरवून त्या बायकांना जिवंत जाळलं होतं?" आणि त्याखाली दुसरं कुणी उत्तर देतं, "हो, काही पोरींना झटके यायला लागले आणि अख्ख्या गावाला वेड लागलं."

पहिलं दुरुस्त करायला फार लिहावं लागत नाही. सेलममध्ये कुणालाही जाळलं नाही. चेटकाच्या आरोपावरून १६९२ च्या जून ते सप्टेंबरमध्ये १९ जणांना फाशी दिली, त्यात १४ बायका आणि ५ पुरुष. एका म्हाताऱ्याला अंगावर दगड रचून मारलं. निदान पाच जण तुरुंगातच मेले. दुसऱ्या उत्तरासाठी मात्र ही लांबलचक पोस्ट लिहितेय. मी फौजदारी वकिली करते. साक्षी-पुरावे हेच माझं रोजचं काम. "गावाला वेड लागलं" असं कुणी म्हणालं की माझा जीव तळमळतो, कारण त्या एका वाक्यात खरे जबाबदार लोक अलगद सुटून जातात.

हे घडलं ते मुळात सेलम व्हिलेजमध्ये, आजच्या डॅनव्हर्समध्ये. मॅसॅच्युसेट्स ही अमेरिकेतली प्युरिटनांची, म्हणजे अतिशय कडक धर्माचरण पाळणाऱ्या इंग्रज प्रोटेस्टंटांची वसाहत, आणि हे तिथलं शेतकऱ्यांचं गाव. तिथले पाद्री सॅम्युअल पॅरिस. १६९२ च्या जानेवारीत त्यांची ९ वर्षांची मुलगी बेटी आणि ११ वर्षांची भाची ॲबिगेल यांना झटके यायला लागले. अंग वाकडं व्हायचं, किंचाळायच्या, कुणीतरी चिमटे काढतंय म्हणायच्या. हे करणीचं काम आहे असं वैद्याचं मत पडलं. मोठ्या माणसांनी खोदून खोदून विचारल्यावर तीन नावं आली: पॅरिस यांच्याच घरातली गुलाम टिटुबा, दारोदार मागून खाणारी गरोदर सारा गुड, आणि आजारपणामुळे बरेच दिवस चर्चला न गेलेली सारा ऑस्बर्न. तिघींपैकी एकीच्याही मागे उभं राहणारं कुणी नव्हतं.

आता बघा. त्या पोरी कचेरीत गेल्या नाहीत, जाऊही शकत नव्हत्या. २९ फेब्रुवारीला फिर्याद दिली ती थॉमस पुटनमसह चार प्रौढ पुरुषांनी. दुसऱ्या दिवशी दंडाधिकारी जॉन हॅथॉर्न आणि जोनाथन कॉर्विन चौकशीला बसले. हॅथॉर्नने सारा गुडला पहिला प्रश्न काय विचारला? तुझं कुठल्या दुष्ट आत्म्याशी सख्य आहे? ती म्हणाली, कुठल्याच नाही. मग सैतानाशी करार केलास का? मग या मुलांना का छळतेस? उत्तर काहीही येवो, प्रश्नातच गुन्हा गृहीत धरलेला. माझ्या न्यायालयात असा प्रश्न कुणी सरतपासणीत, म्हणजे आपल्याच साक्षीदाराला, विचारला तर मी तोंड उघडायच्या आत न्यायाधीश थांबवतील.

टिटुबाने कबुली दिली. मालकाने मारून ती वदवून घेतली, असं तिने पुढे सांगितल्याची नोंद आहे. सैतानाशी करार करणारे ज्या वहीत सही करतात, त्या वहीत आपण नऊ खुणा पाहिल्या असं ती म्हणाली, आणि उरलेल्यांचा शोध सुरू झाला. इथून पुढे सगळी यंत्रणाच उलटी फिरली. कबुली दिली की जीव वाचायचा, कारण कबुली देणारी व्यक्ती पुढची नावं देते, तिला जिवंत ठेवणं उपयोगाचं. आपण निर्दोष आहोत असं म्हणत राहिलं की फास. कबुलीवर कायम राहिलेल्या एकालाही फाशी झाली नाही. सॅम्युअल वॉर्डवेलने कबुली दिली, मग माघार घेतली, त्याला लटकवलं. म्हणजे खोटं बोलण्याला बक्षीस आणि खऱ्याला मरण, आणि हे सगळं शपथेवर, बायबल साक्षीला ठेवून.

आणि पुरावा कसला? मुली म्हणायच्या की या बाईचं रूप रात्री आमच्या खोलीत येतं, छातीवर बसतं, गळा दाबतं. बाई त्या वेळी आपल्या घरात झोपलेली असली तरी हरकत नाही, कारण आलं होतं ते तिचं रूप, आणि ते फक्त मुलींनाच दिसतं. मला सांगा, यावर उलटतपासणी कशी घ्यायची? "मी तिथे नव्हते" हा जगातला सगळ्यात जुना बचाव, तोच या एका नियमाने काढून घेतला. आरोपींना वकील तर नव्हतेच.

मे महिन्यात नवे गव्हर्नर विल्यम फिप्स आले तेव्हा तुरुंग भरलेले होते. त्यांनी खास न्यायालय नेमलं आणि मुख्य न्यायाधीश केलं विल्यम स्टॉटनला. हा हार्वर्डमध्ये शिकलेला माणूस. रूपाचा पुरावा ग्राह्य आहे, असं याचं ठाम मत. १० जूनला ब्रिजेट बिशपला फाशी झाली. न्यायाधीशांपैकी नॅथॅनियल सॉल्टनस्टॉल राजीनामा देऊन बाहेर पडला. पाच दिवसांनी पाद्रींनी लेखी कळवलं की नुसत्या रूपाच्या पुराव्यावर विसंबू नका. म्हणजे त्याच काळात, त्याच धर्माच्या, सैतान मानणाऱ्या माणसांनाही यात काहीतरी चुकतंय हे कळत होतं. मग "तेव्हा सगळ्यांना तसंच वाटायचं" ही सबब कशी चालेल? अर्थात त्याच पाद्रींनी पत्राच्या शेवटी खटले झपाट्याने चालवा असंही सुचवलं, आणि न्यायालयाने तेवढंच ऐकलं.

रेबेका नर्सचा खटला मी जितक्या वेळा वाचते तितक्या वेळा माझा संताप होतो. ७१ वर्षांची, आठ मुलांची आई, चर्चमध्ये मान असलेली, आजारपणाने अंथरुणाला खिळलेली. जवळपास चाळीस शेजाऱ्यांनी तिच्या बाजूने अर्जावर सह्या केल्या, आणि तसं करणं म्हणजे आपलंही नाव यादीत येण्याची जोखीम होती. ज्यूरीने निर्णय दिला: निर्दोष. हो, निर्दोष! त्याबरोबर पोरींनी आरडाओरडा केला. आणि मग स्टॉटनने ज्यूरीला विचारलं की कैद्याच्या एका वाक्याचा तुम्ही विचार केलात का? डेलिव्हरन्स हॉब्ज नावाची कबुली दिलेली बाई साक्षीला आणली तेव्हा रेबेका म्हणाली होती, ही तर आमच्यातलीच. ज्यूरी पुन्हा आत गेली. तिथे एकमत होईना, म्हणून बाहेर येऊन प्रमुखाने रेबेकालाच त्या वाक्याचा अर्थ विचारला. ती बहिरट होती, दुःखाने खचलेली होती. तिला प्रश्न ऐकूच आला नाही. ती गप्प राहिली, आणि त्या गप्प राहण्यावर तिला दोषी ठरवलं. आमच्यासारखीच एक कैदी, एवढंच म्हणायचं होतं, असं तिने नंतर लिहून दिलं. १९ जुलैला तिला फाशी दिली.

या प्रसंगात वेड कुठे आहे? बारा सामान्य माणसांनी तर तिला सोडलं होतं. तो निर्णय फिरवायला लावणारा माणूस त्या खोलीतला सगळ्यात शिकलेला आणि सगळ्यात वरच्या खुर्चीवर बसलेला होता.

तिची धाकटी बहीण मेरी ईस्टी. तिला मे महिन्यात सोडलं आणि दोनच दिवसांनी परत पकडलं. सप्टेंबरमध्ये, शिक्षा झाल्यावर, तिने न्यायालयाला अर्ज केला. मला मरायचंय हे मला ठाऊक आहे, मी माझ्या जिवासाठी मागत नाही, पण आणखी निर्दोष रक्त सांडू नका, असा त्याचा आशय. पुढे ती सुचवते की तक्रार करणाऱ्या मुलींना काही काळ एकमेकींपासून वेगळं ठेवा आणि कसून तपासा, कबुली देणाऱ्यांपैकी काहींवरही खटला चालवा. साक्षीदारांना वेगवेगळं ठेवा! वकिलीचा धडाही न गिरवलेली, मृत्यूच्या दारात उभी असलेली बाई हे सांगते आणि हार्वर्डवाल्या न्यायाधीशाला ते सुचत नाही? सुचत नव्हतं असं मी मानत नाही. २२ सप्टेंबरला आठ जणांना फाशी झाली, त्यात ती होती.

त्याच दिवशी मार्था कोरीलाही फाशी झाली. तिचा नवरा जाइल्स कोरी, वय ऐंशीच्या आसपास, तीन दिवस आधी दगडांखाली मेला होता, कारण त्याने खटल्याला संमतीच दिली नाही आणि ती वदवून घ्यायला त्याच्या अंगावर दगड रचत गेले. सुरुवातीला याच माणसाने बायकोविरुद्ध साक्ष दिली होती. सारा गुडच्या नवऱ्यानेही तेच केलं. साराला फाशी झाली, तिचं तान्हं बाळ तुरुंगातच दगावलं. आणि तिची थोरली मुलगी डोरोथी, वय चार-पाच वर्षं, तिच्यावरही चेटकाचा आरोप! त्या लेकराला बेड्या घालून सात-आठ महिने कोंडून ठेवलं. १७१० मध्ये बापाने भरपाईच्या अर्जात लिहिलंय की तेव्हापासून तिची बुद्धी ठिकाणावर आली नाही, तिला कायम सांभाळावं लागतं. चार वर्षांच्या पोरीच्या पायाच्या मापाच्या बेड्या उन्मादात घडत नाहीत. त्यासाठी कुणीतरी लोहाराला सांगावं लागतं, त्याचे पैसे द्यावे लागतात.

कारणं अनेक सांगतात. उत्तरेकडे फ्रेंच आणि मूळ रहिवाशांशी चाललेलं युद्ध, तिथून पळून आलेली होरपळलेली कुटुंबं, वसाहतीची रद्द झालेली सनद, पुटनम आणि पोर्टर घराण्यांचं वैर. हे सगळं खरं आहे. राय धान्यावरच्या बुरशीने भास झाले असा एक तर्क १९७६ मध्ये मांडला गेला, तो इतिहासकारांना फारसा पटलेला नाही. पण यातलं कुठलंही कारण भीती कशी आली एवढंच सांगतं. भीतीतून फाशी आपोआप होत नाही, मध्ये न्यायालय लागतं.

याचा पुरावा खुद्द सेलमनेच दिलाय. ऑक्टोबरमध्ये पाद्री इन्क्रीज मॅदरने लिहिलं की एका निर्दोषाला शिक्षा होण्यापेक्षा दहा संशयित सुटलेले बरे. महिनाअखेरीस फिप्सने ते खास न्यायालय बंद केलं. लोकांच्या बोटांचा रोख तोवर बड्या घरांकडेही वळला होता, हेही विसरू नका. १६९३ च्या जानेवारीत नवं न्यायालय बसलं, आणि या वेळी रूपाचा पुरावा चालणार नव्हता. पन्नासच्या आसपास लोकांची प्रकरणं पुढे आली, दोषी ठरले फक्त तीन, आणि त्यांचीही फाशी फिप्सने रोखली. रागावून स्टॉटन आसन सोडून निघून गेला. गाव तेच, मुली त्याच, सीमेवरचं युद्धही तसंच चालू. पुराव्याचा एक नियम बदलला आणि माणसं मरायची थांबली.

म्हणूनच मला हे आपल्याकडेही महत्त्वाचं वाटतं. सातपुड्यात आजही एखाद्या विधवेला डाकीण ठरवून मारहाण होते, गावाबाहेर काढलं जातं, आणि तिच्या नावावरच्या तुकडाभर जमिनीवर कुणाचा डोळा होता हे नंतर कळतं. ते झालं की वर्तमानपत्रात येतं, अडाणी लोक, अंधश्रद्धा. डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी ज्या कायद्यासाठी वर्षानुवर्षं झगडा केला आणि २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांचा खून झाल्यानंतरच जो आला, त्या जादूटोणाविरोधी कायद्याने बाजू नेमकी उलटी लावली. करणी करते असा आळ घेऊन एखादीला छळणं हाच गुन्हा, सहा महिने ते सात वर्षं कैद. आता सगळं अवलंबून आहे ते ठाण्यातला अंमलदार त्या बाईची फिर्याद नीट लिहून घेतो की नाही यावर. तो "गावचं भांडण आहे, आपसात मिटवा" म्हणाला, तर दोष फक्त भगताचा राहत नाही.

माफी कुणी मागितली तेही सांगते. न्यायाधीश सॅम्युअल स्यूअल १६९७ मध्ये भर चर्चमध्ये उभा राहिला आणि त्याचा कबुलीनामा सगळ्यांसमोर वाचला गेला. त्याच वर्षी बारा ज्यूरींनी सही करून माफी मागितली. तक्रार करणाऱ्या मुलींपैकी ॲन पुटनमने १७०६ मध्ये मागितली. घटनेच्या वेळी ती १२ वर्षांची होती. स्टॉटनने कधीच मागितली नाही. तो पुढे प्रभारी गव्हर्नर झाला आणि पदावर असतानाच गेला. एलिझाबेथ जॉन्सन नावाच्या एका दोषी ठरलेल्या बाईचं नाव तर २०२२ पर्यंत स्वच्छ झालं नव्हतं. नॉर्थ अँडोव्हरच्या एका शाळेतल्या आठवीच्या मुलांनी पाठपुरावा केला तेव्हा कुठे मॅसॅच्युसेट्स विधिमंडळाने ते केलं.

तर बॉस्टनकरांनो, सेलमला जरूर जा. पण टोप्यांच्या दुकानांतून थोडा वेळ काढून चार्टर स्ट्रीटच्या जुन्या दफनभूमीशेजारच्या स्मारकात जा. भिंतीतून पुढे आलेले वीस दगडी बाक, प्रत्येकावर नाव, तारीख आणि कसं मारलं ते. प्रवेशाशी जमिनीतल्या दगडांवर त्यांची निर्दोष असल्याची वाक्यं कोरलीयत आणि ती मध्येच भिंतीखाली तुटतात. मुलं बरोबर असतील तर ती त्यांना वाचून दाखवा. आणि मग शेजारच्या दफनभूमीत जॉन हॅथॉर्नची कबर शोधा. त्याचं नाव मुलांना सांगा, आणि पहिला प्रश्न त्याने काय विचारला होता तेही सांगा.