येसूबाईंची तीस वर्षं

महाराणी येसूबाईंबद्दल आपण फार कमी बोलतो, आणि बोलतो तेही संभाजी महाराज पकडले गेले तिथपर्यंतच. माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोठं कर्तृत्व त्यानंतरचं आहे.

शृंगारपूरच्या पिलाजीराव शिर्क्यांची ही लेक. 'श्री सखी राज्ञी जयति' हा त्यांचा स्वतःचा शिक्का. महाराज मोहिमेवर असले की रायगडावरचा कारभार त्या बघत.

फेब्रुवारी १६८९ मध्ये महाराज संगमेश्वरी कैद झाले, तेव्हा शाहूराजांना सात वर्षंही पुरी नव्हती. गादीवर हक्क त्यांचा. आईने तो धरून ठेवला असता तर कुणी बोल लावला नसता. येसूबाईंनी धाकट्या दिराला, राजारामांना पुढे केलं. रायगडाला वेढा पडला तेव्हा सगळ्यांनी एकाच गडावर अडकू नये, राजारामांनी बाहेर पडून लढावं, हा सल्लाही त्यांचाच. एप्रिलमध्ये राजाराम निसटले आणि पुढे जिंजीला पोचले. येसूबाई पोराला घेऊन गडावरच राहिल्या. नवऱ्याला हालहाल करून मारल्याला तेव्हा महिनाही झाला नव्हता!

याला लोक नुसता त्याग म्हणतात, ते मला पटत नाही. राजा मोकळा राहिला तरच राज्य राहील, हा त्यांचा राजकीय हिशोब होता आणि पुढची अठरा वर्षं तो खरा ठरला.

नोव्हेंबरमध्ये रायगड पडला. मायलेकरं मोगलांच्या कैदेत गेली. १७०७ मध्ये औरंगजेब मेला, शाहूराजे सुटले, पण ते शब्दाबाहेर जाऊ नयेत म्हणून आईला ओलीस ठेवलं. मुलगा साताऱ्यात छत्रपती आणि आई दिल्लीत, अशी आणखी बारा वर्षं गेली.

१७१९ मध्ये बाळाजी विश्वनाथ दिल्लीहून चौथाई-सरदेशमुखीच्या सनदा घेऊन आले, हे आपण शाळेत घोकलं. त्याच फौजेबरोबर येसूबाई परत आल्या, हे मात्र कुणी सांगितलं नाही. सनदांइतकीच ती सुटका मोठी होती, असं मी म्हणेन.

परत आल्या तेव्हा राज्य होतं, पण दोन गाद्यांत वाटलेलं. साताऱ्याला त्यांचा मुलगा आणि कोल्हापूरला, ज्या दिराला त्यांनी पुढे केलं त्याचा मुलगा. येसूबाईंवर कुणी नाटक-कादंबरी लिहिणार असेल, तर कृपा करून इथून सुरुवात करा.